सूर-शंका : महेलियाबाईंचं गाणं

महेलिया जॅक्सन (१९११–१९७२) या अमेरिकन गॉस्पेल (कृष्णवर्णीयांचं ख्रिस्ती भक्तिगीत) गायिकेवर गेल्या अंकात अर्ध्या पानाचं टिपण आलं होतं. त्यावर आलेल्या पत्रांतले निवडक प्रश्न इथे घेतले आहेत. बहुतेक प्रश्न तंत्राचे आणि व्यवहाराचे आहेत, याचा आनंद वाटतो. गॉस्पेल म्हटलं की भक्तिभावावर पानंच्या पानं लिहिली जातात, पण टाळी नेमकी कुठे पडते ते कुणी सांगत नाही.

नाव 'महालिया' असं म्हणायचं की 'महेलिया'? (एक वाचक, नाशिक)

महेलिया, 'हे'वर जोर देऊन. मूळ नाव 'महेला', हे मावशीचंच नाव भाचीला ठेवलेलं. विशीच्या सुमारास बाईंनी त्यात इंग्रजी 'आय' हे अक्षर घातलं आणि महेलाची महेलिया झाली. आम्ही 'बाई' म्हणतो ते आपल्या सवयीने. एवढ्या मोठ्या गायिकेचा उल्लेख एकेरीत करणं आमच्याकडून होत नाही.

हिम, स्पिरिच्युअल आणि गॉस्पेल यांत फरक काय? आम्हाला सगळं सारखंच ऐकू येतं. (एक वाचिका, मिरज)

हिम म्हणजे छापील स्तोत्रगीत. इंग्लंडच्या आयझॅक वॉट्स यांचा १७०७ चा संग्रह हे त्याचं ठळक उदाहरण. स्पिरिच्युअल म्हणजे गुलामगिरीच्या काळात शेतमळ्यांवर जन्मलेली गाणी, ज्यांचा कर्ता कुणालाच ठाऊक नाही. नॅशव्हिलच्या फिस्क ज्युबिली सिंगर्सनी १८७१ पासून ती नीट बसवून रंगमंचावर नेली. गॉस्पेल त्यामानाने कालपरवाचं, आणि शहरातलं. दक्षिणेतून पोटापाण्यासाठी शिकागो, डेट्रॉइटकडे गेलेल्या कृष्णवर्णीयांचं हे गाणं. त्याला नावानिशी गीतकार असतो, सुट्या छापील पानांवर ते विकलं जातं, साथीला पियानो असतो आणि पुढे विजेवरचा हॅमंड ऑर्गनही आला.

या प्रकाराला घडवणारा माणूस थॉमस डॉर्सी. जन्म १८९९. आधी 'जॉर्जिया टॉम' या नावाने मा रेनी या ब्लूज (कृष्णवर्णीयांची लौकिक, सुखदुःखाची गाणी) गायिकेच्या साथीला पियानो वाजवायचे. १९३२ मध्ये बाळंतपणात पत्नी गेली, पाठोपाठ बाळही गेलं, आणि त्या दुःखात त्यांनी 'टेक माय हँड, प्रेशस लॉर्ड' लिहिलं. शब्द प्रार्थनेचे आणि स्वरांची वळणं ब्लूजची, हा त्यांचा मेळ. सुरुवातीला कित्येक पाळकांनी असली गाणी चर्चमध्ये गाऊ दिली नाहीत. 'पारंपरिक गॉस्पेल' म्हणतात ते साधारण १९३० ते १९६० च्या दशकांतलं. १९६९ मध्ये 'ओ हॅपी डे' लोकप्रिय झालं, तिथून पुढचा काळ वेगळा धरतात.

आपल्याकडे जवळचं उदाहरण रेव्हरंड ना. वा. टिळकांचं. परदेशी चालींवर बेतलेल्या स्तोत्रांशेजारी त्यांनी अभंग-ओवीच्या वळणाची भजनं आणली. 'उपासना संगीत' हा मराठी ख्रिस्ती गीतसंग्रह हाताळणाऱ्यांना दोन्हीतला फरक पहिल्या ओळीलाच कळतो.

महेलिया जॅक्सन यांचे गुरू कोण? आणि त्या ओळीच्या मधेच श्वास का घेतात? (एक संगीतशिक्षक, कोल्हापूर)

रूढ अर्थाने कुणी नाही. शिकागोत त्या १९३२ च्या सुमारास ड्युबॉइस नावाच्या एका शिक्षकाकडे चार डॉलर देऊन एकदा गेल्या. 'हे ओरडणं थांबवा' असं त्यांनी सांगितलं. बाई पुन्हा गेल्या नाहीत.

शिक्षण झालं ते न्यू ऑर्लिन्सला, मिसिसिपीच्या बांधालगतच्या वस्तीत. आई त्या पाच वर्षांच्या असताना गेली. 'ड्यूक' या टोपणनावाने ओळखली जाणारी मावशी फार कडक होती. शाळा चौथीच्या आसपासच सुटली. पण कानावर तीन वेगवेगळी गाणी पडत होती. पहिलं स्वतःच्या बॅप्टिस्ट चर्चचं. तिथे म्होरक्या एक ओळ सांगतो आणि सगळी मंडळी ती संथ, लांबवत गातात. 'अमेझिंग ग्रेस'सारख्या हिमचं कडवं इंग्रजी मापाने ८-६-८-६ अवयवांचं, म्हणजे एकूण २८ अवयव. छापील चालीने ते अर्ध्या मिनिटात संपतं. ओळ सांगण्याच्या पद्धतीत त्यालाच दीड-दोन मिनिटं लागू शकतात, कारण एकेका अवयवावर चार-पाच स्वरांचा फिरवा येतो आणि खाली ठेका नसतोच. विलंबित ख्याल ऐकणाऱ्याला ही लांबण परकी वाटायची नाही.

दुसरं गाणं शेजारच्या 'सँक्टिफाइड' चर्चचं. तिथे ऑर्गन नाही, कॉयर (गायकमंडळ) नाही. ढोल, झांजा, खंजिरी, टाळ्या आणि पाय. बाईंच्या गाण्यातली उसळी इथली. तिसरं बेसी स्मिथच्या ब्लूजच्या तबकड्यांचं. मावशी घरी नसताना ऐकायच्या.

श्वासाबद्दलही आपण विचारलं आहे. पाश्चात्त्य शास्त्रीय शिस्तीप्रमाणे ओळ एका श्वासात पुरी करायची असते. बाई मधेच तोडतात, कधी तर शब्दाच्या पोटात. हा दोष समजून काही जण सोडून देतात. पण त्यांच्या चर्चमधला प्रवचनकार रंगात आला की असाच बोलतो. चार शब्द, ऐकू येईल असा श्वास, पुढचे चार शब्द. त्या श्वासाच्या जागेत मंडळींचा हुंकार पडतो. पोवाड्यात झीलकरी 'जी जी' टाकतात ती जागा आठवा. शाहिराने तिथे दम घेतला नाही, तर झील पडणार कुठे?

अशा गायिकेचा चरितार्थ कसा चालायचा? मानधन, रेकॉर्ड, दौरे याबद्दल सविस्तर लिहावं. (एक वाचक, पुणे)

आधी पोट भरलं ते धुण्याचं आणि हॉटेलातलं काम करून. १९२७ मध्ये सोळाव्या वर्षी त्या शिकागोला गेल्या. ग्रेटर सेलम बॅप्टिस्ट चर्चच्या कॉयरमध्ये शिरल्या, आणि तिथल्याच जॉन्सन बंधूंबरोबर छोटा जथा करून या चर्चमधून त्या चर्चमध्ये गाऊ लागल्या. मिळकत दानाच्या थाळीत जमेल तेवढी. पुढे बाईंनी ब्युटी पार्लर काढलं, फुलांचं दुकान काढलं. फुलांचं दुकान ही हुशारी होती, कारण अंत्यविधीला गायला बोलावणं येई आणि तिथे हारफुलंही लागत.

तबकडीचा पहिला प्रयत्न १९३७ मध्ये डेका कंपनीसाठी. चार गाणी झाली, खपली नाहीत. कंपनीने ब्लूज गायला सुचवलं, बाईंनी नकार दिला, विषय संपला. त्यानंतरची काही वर्षं डॉर्सींबरोबरची आहेत आणि आमच्या मते कारकिर्दीचा पाया हाच. डॉर्सींची गाणी सुट्या पानांवर छापलेली असत. चर्चच्या मेळाव्यांत बाई ती गाऊन दाखवत, आणि आवडली तर गावोगावच्या कॉयरचे लोक पानं विकत घेत. जत्रेत पुस्तिका विकताना शाहीर दोन कडवी म्हणून दाखवतो, त्यातलाच प्रकार. पण यातून शेकडो चर्चमधल्या पाळकांना आणि कॉयरच्या म्होरक्यांना त्यांचा आवाज ओळखीचा झाला. रेडिओ-टीव्हीच्या आधी याहून चांगली जाहिरात नव्हती.

१९४६ मध्ये अपोलो कंपनी आली. सप्टेंबर १९४७ मध्ये मेंफिसचे पाळक हर्बर्ट ब्रूस्टर यांचं 'मूव्ह ऑन अप अ लिटल हायर' ध्वनिमुद्रित झालं. मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटं मावतात, म्हणून गाणं दोन बाजूंवर वाटलं. तबकडी तुफान खपली. खपाचे आकडे सांगणाऱ्यागणिक बदलतात, पण लाखांतच असतात. ऑक्टोबर १९५० मध्ये न्यूयॉर्कचा कार्नेगी हॉल, १९५४ मध्ये कोलंबिया कंपनीशी करार आणि सीबीएसवर स्वतःचा रेडिओ कार्यक्रम. तो फार टिकला नाही. कृष्णवर्णीय बाईच्या कार्यक्रमाला देशभर जाहिरातदार मिळत नव्हते.

पैशांचा नियम एक : गाण्याआधी, आणि रोख. छोट्या गावांतले ठेकेदार कार्यक्रम रंगात असताना तिकिटांचा गल्ला घेऊन पसार होत, म्हणून ही सावधगिरी. त्यासाठी बाईंना हावरट म्हणणं चुकीचं आहे. बिदागी बुडालेल्या आपल्या तमाशा कलावंतांना विचारा. दक्षिणेत दौरा म्हणजे आणखी वेगळी तयारी. हॉटेलात खोली मिळायची नाही, खाणावळीत बसू द्यायचे नाहीत. म्हणून पाय पसरून झोपता येईल अशी मोठी कॅडिलॅक आणि खायचं सामान गाडीतच. ही ऐश नव्हती. १९५६ मध्ये शिकागोच्या गोऱ्या वस्तीत घर घेतलं तर खिडक्यांवर गोळ्या झाडल्या गेल्या. त्या वेळी त्या देशभर गाजलेल्या होत्या.

एक गोष्ट मात्र झाकून ठेवण्यासारखी नाही. मिल्ड्रेड फॉल्स यांनी दोन दशकांहून अधिक काळ पियानोची साथ केली. बाईंच्या गाण्यातली अर्धी लय फॉल्स यांच्या डाव्या हातात आहे. त्यांना मिळणारा मोबदला त्या मानाने फारच कमी होता, असं बाईंबद्दल आदराने लिहिणारेही मान्य करतात.

ब्लूज गायला नकार ही सोवळ्याओवळ्यातली गोष्ट नाही का? चाली तर तशाच होत्या. (एक वाचक, ठाणे)

श्रद्धा होतीच, तिच्यावर शंका घेण्याचं कारण नाही. पण हिशेबही पाहा. गॉस्पेल गायिका सिस्टर रोझेटा थार्प १९३८ मध्ये न्यूयॉर्कच्या कॉटन क्लब या नाइटक्लबमध्ये गायल्या आणि चर्चमधला मोठा श्रोतृवर्ग त्यांच्यावर रुसला. गॉस्पेल गायक सॅम कुक १९५७ मध्ये प्रेमगीतांकडे वळले तेव्हा त्यांच्याही वाट्याला तेच आलं. क्लबमध्ये गेल्यावर परतीची वाट अरुंद होते, हे बाईंना चांगलं ठाऊक होतं. न्यूपोर्टच्या जॅझ महोत्सवात त्या गायल्या (१९५७ आणि १९५८), जॅझ संगीतकार ड्यूक एलिंग्टन यांच्याबरोबर ध्वनिमुद्रण केलं, पण शब्द आपलेच ठेवले. जागा बदलली तरी चालेल, मजकूर बदलणार नाही, अशी ती रेघ होती.

ही गाणी लावून टाळ्या वाजवायला गेलं की आमची टाळी उलटी पडते. का? (भजनी मंडळ, सातारा)

तुमची टाळी समेवर पडते म्हणून. गॉस्पेलमध्ये चार ठोके मोजतात आणि टाळी दुसऱ्यावर आणि चौथ्यावर येते. केरव्याच्या आठ मात्रांत सांगायचं तर पावलं १ आणि ५ वर, टाळ्या ३ आणि ७ वर. संथ गाण्यांत प्रत्येक ठोक्याचे तीन भाग पडतात. म्हणजे बारा मात्रा, दादऱ्याची दोन आवर्तनं. ठोके १, ४, ७, १० वर, आणि टाळी ४ व १० वर. दादऱ्याची खाली जिथे येते, नेमकी तिथे यांची टाळी! भजनी माणसाचा हात तिथे सवयीने थांबतो, आणि गोंधळ तिथूनच सुरू होतो.

बसवायची रीत अशी. लय मिनिटाला ७० ठोक्यांच्या आसपास ठेवा, मोबाइलवरचा मेट्रोनोम चालेल. उभे राहा. पहिल्या ठोक्याला उजवं पाऊल, तिसऱ्याला डावं. अंगाचा भार खरोखर एका पायावरून दुसऱ्यावर जाऊ द्या, नुसता पाय आपटू नका. पाच मिनिटं एवढंच. मग दोन पावलांच्या मधे टाळी. शब्द शेवटी. बहुतेक मंडळी शब्दांपासून सुरुवात करतात आणि तिथेच फसतात, कारण शब्दाचा जोर पहिल्या ठोक्यावर असतो आणि हात शब्दामागे धावतो.

लय ९०-१०० च्या पुढे गेली की टाळी पुन्हा समेकडे सरकते. मोठ्या सभागृहात हे लवकर होतं. मागच्या रांगेला आवाज किंचित उशिरा पोचतो, त्यांची टाळी मागे पडते आणि पुढचे गोंधळतात. उपाय : खंजिरी एकाच माणसाकडे द्या आणि सगळ्यांनी तिच्याकडे बघा. टाळी उलटलीच तर गाणं थांबवू नका. दोन आवर्तनं हात खाली, पावलं चालू, मग पुन्हा टाळी.

हार्मोनियमवर ही गाणी बेसूर का लागतात? (एक वाचिका, अहिल्यानगर)

बेसूर लागत नाहीत, अडतात. बाईंचा गांधार कोमल आणि शुद्ध यांच्या मधे कुठेतरी असतो आणि तो स्थिर नसतो, खालून घसरत वर येतो. निषादाचंही तेच. पेटीवर त्या जागेला पट्टीच नाही. पियानोवाल्यांची युक्ती अशी, की कोमल गांधाराला नुसता स्पर्श करून लगेच शुद्धवर घसरायचं, इतक्या चटकन की दोन्ही मिळून एक चुरगळलेला स्वर ऐकू येतो. पेटीवर हे करता येतं, पण भाता हलका ठेवायला हवा. ते जमत नसेल तर पेटीवाल्याने गांधार सोडून द्यावा, सा आणि प धरावा, आणि मधली जागा गळ्यावर सोडावी.

दुसरी अडचण गळ्याची आहे. आपल्याकडचे सुगम गाणारे इथे भावगीतातल्या बारीक मुरक्या घालतात आणि गाणं गोडमिट्ट होतं. गॉस्पेलचे फिरवे बहुधा सा रे ग प ध या पाच स्वरांतले, जड, मींडेच्या अंगाने जाणारे. एका अक्षरावर एक फिरवा, मग सरळ स्वर. आवाजातली खरखर गळा आवळून काढायला जाऊ नका. बाईंचा आवाज मुळात भारदस्त, खालच्या पट्टीतला. त्यांच्यासारखा जोर उसन्या पट्टीत लावला तर दुसऱ्या दिवशी सकाळी घसा बसतो. तसं झालं की पट्टी दोन स्वरांनी उतरवा. तीन आठवड्यांहून जास्त बसलेला राहिला तर घशाच्या डॉक्टरांना दाखवा.

आमच्या चर्चच्या गायकमंडळात १४ जण आहोत. नाताळासाठी एक गाणं या पद्धतीने बसवायचं आहे. कसं करावं? (गायकमंडळ, सोलापूर)

चार आवाजांचा हट्ट सोडा. गॉस्पेल कॉयर बहुतेक वेळा तीनच आवाजांत गातात : वरचा आणि मधला बायकांचा, तिसरा पुरुषांचा. खर्जाची बाजू पियानोचा डावा हात सांभाळतो. ५-५-४ अशी विभागणी करा, शिवाय एक मुख्य आवाज याच चौदांतून पुढे येईल, म्हणजे एका गटातला एक कमी धरा. तिन्ही आवाज जवळजवळचे ठेवा. एक गट सा, एक ग, एक प. चाल वर गेली की तिघे मिळून वर, खाली आली की मिळून खाली.

कागद वाटू नका. मुख्य गायकाने ओळ म्हणायची, गटाने परत म्हणायची, पाठ होईपर्यंत. कागद हातात असला की नजर खाली जाते, टाळी सुटते आणि झील उशिरा पडते. झील हीच कसोटी आहे. मुख्य गायकाचं वाक्य पूर्ण संपण्याची वाट पाहायची नाही, त्याच्या शेवटच्या अक्षरावर चढायचं. नवख्या मंडळांत इथे अर्ध्या सेकंदाची पोकळी राहते आणि गाणं तुकड्यातुकड्यांत ऐकू येतं.

शेवटी 'व्हँप' येतो : एकच छोटी ओळ पुन्हा पुन्हा, मुख्य गायक मात्र दर वेळी वेगळे शब्द टाकतो. आपल्या कीर्तनाच्या शेवटी गजर चढतो तशी इथे तीव्रता चढवायची असते, लय मात्र तीच ठेवायची. हा फरक महत्त्वाचा आहे. गजराच्या सवयीने लय पळाली तर तिसऱ्या-चौथ्या फेरीत शब्द चेंगरतात. चढण हवी असेल तर दर चार फेऱ्यांनी पट्टी अर्ध्या स्वराने वर न्या. दोनदा पुरे, तिसऱ्यांदा वरचा गट किंचाळतो. फेऱ्या किती हे आधी ठरवू नका, पण थांबण्याची खूण नक्की ठरवा. मुख्य गायकाचा उजवा हात वर गेला की पुढची ओळ शेवटची.

आणि कीबोर्डचा तयार ठेका बंद ठेवा. त्याला श्वास कळत नाही. हॅमंड ऑर्गनचा आवाज निवडता आला तर उत्तम. तालमी आठवड्याला दोन धरल्या तर एक गाणं तीन-चार आठवड्यांत बसतं, त्यातला पहिला आठवडा फक्त पावलं आणि टाळीचा.

शाळेत म्हणायचो ते 'हम होंगे कामयाब' गॉस्पेलमधून आलंय असं ऐकलं. खरं का? (एक वाचक, लातूर)

बऱ्याच अंशी. फिलाडेल्फियाचे पाळक चार्ल्स टिंडली यांचं 'आय विल ओव्हरकम समडे' विसाव्या शतकाच्या अगदी सुरुवातीचं. त्यात 'मी' आहे. १९४५-४६ मध्ये साउथ कॅरोलायनातल्या चार्ल्सटनला तंबाखू कारखान्यातल्या कामगारांचा, त्यातही बहुतांशी कृष्णवर्णीय बायकांचा, संप झाला. तिथे संथ लयीत 'आम्ही' म्हणत ते गाणं गायलं गेलं. टेनेसीतल्या हायलँडर या कार्यकर्त्यांच्या शाळेत झिल्फिया हॉर्टन यांनी ते उचललं, आणि १९६० मध्ये गाय कॅरावान यांनी 'वी शॅल ओव्हरकम' म्हणून विद्यार्थी चळवळीला शिकवलं. चाल टिंडलींची जशीच्या तशी नाही, तीत जुन्या स्पिरिच्युअलचे धागे आहेत. हिंदी शब्द गिरिजाकुमार माथुर यांचे. आपण शाळेत ते कवायतीच्या ठेक्यात म्हणतो. एकदा निम्म्या लयीत, दादऱ्याच्या अंगाने म्हणून बघा.

मार्टिन ल्यूथर किंग यांना 'स्वप्नाचं सांगा' असं बाईंनीच सुचवलं, ही दंतकथा आहे का? (एक प्राध्यापिका, मुंबई)

दंतकथा म्हणून सोडून देता येणार नाही. २८ ऑगस्ट १९६३ ला नागरी हक्कांसाठीच्या वॉशिंग्टनच्या मोर्चात बाई गायल्या, त्यानंतर रब्बी (ज्यू धर्मगुरू) प्रिन्झ बोलले आणि मग किंग. किंग यांच्या हाती लिहिलेलं भाषण होतं. मसुद्यात हात असलेले त्यांचे सहकारी क्लॅरेन्स जोन्स जवळच उभे होते, आणि बाईंनी मागून किंगना स्वप्नाबद्दल सांगायला सुचवल्याचं त्यांनीच नोंदवलं आहे. स्वप्नाचा तो भाग किंग यांनी त्याआधी, जूनमध्ये डेट्रॉइटलाही वापरला होता. म्हणजे बाईंनी नवं काही सुचवलं नाही, ठाऊक असलेली जागा दाखवली.

राजकीय भाषणाच्या रिवाजात हा आगाऊपणा ठरला असता. बॅप्टिस्ट चर्चमध्ये प्रवचन चालू असताना पुढच्या रांगेतून असं बोलणं ही रीतच आहे. बाईंनी झील टाकली आणि किंग यांनी ती उचलली, एवढं ते साधं आहे. एप्रिल १९६८ मध्ये किंग यांच्या अंत्यविधीला बाईंनी डॉर्सींचं 'प्रेशस लॉर्ड' म्हटलं. चार वर्षांनी त्यांच्या स्वतःच्या शिकागोतल्या अंत्यविधीला तेच गाणं अरीथा फ्रँकलिन गायल्या.

त्या कधी भारतात आल्या होत्या का? (एक वाचक, डोंबिवली)

हो, १९७१ मध्ये. कलकत्ता, दिल्ली, मद्रास आणि मुंबईत कार्यक्रम झाले. इंदिरा गांधींनी त्यांचं गाणं ऐकलं. तोवर हृदयाचं दुखणं आणि मधुमेह बळावले होते. २७ जानेवारी १९७२ ला शिकागोजवळ त्या गेल्या. त्यांच्या कितीतरी आधी, १८८४ ते १८९० च्या जगदौऱ्यात, फ्रेडरिक लाउडिन यांचा ज्युबिली सिंगर्सचा जथाही भारतात गाऊन गेला होता.

ऐकायला सुरुवात कुठून करावी? (अनेक वाचक)

अपोलोच्या काळातून, म्हणजे १९४६ ते १९५४. साथ तुटपुंजी, बहुधा पियानो आणि ऑर्गन, आणि आवाज ऐन भरात. कोलंबियाच्या तबकड्यांवर मोठा वाद्यवृंद आणि मागे गुळगुळीत कोरस आहे. त्या वाईट नाहीत, पण बाईंच्या श्वासाच्या जागा तिथे व्हायोलिनांनी भरून काढल्या आहेत. त्यानंतर १९५८ चं न्यूपोर्टचं थेट ध्वनिमुद्रण ऐका, तिथे फॉल्स यांचा डावा हात स्वच्छ ऐकू येतो.

एक खबरदारी. बाईंनी तीच गाणी पुढे पुन्हा ध्वनिमुद्रित केली आहेत आणि मोबाइलवरच्या संग्रहांत ती सरमिसळ असतात, तेव्हा वर्ष बघून घ्या. 'मूव्ह ऑन अप'चे भाग एक आणि भाग दोन कित्येक ठिकाणी वेगवेगळे दिलेले असतात, कधी मधे दुसरंच गाणं येतं. दोन्ही लागोपाठ लावा. पहिल्या भागात बाई गोष्ट सांगतात, दुसऱ्या भागात ती मागे पडते आणि एकच ओळ घोटली जाते. व्हँप म्हणजे काय ते सोलापूरकरांना तिथे ऐकायला मिळेल.